अतिथी देवो भव, पण खोली कोण देणार? वर्ल्डकपचं यजमानपद आणि आपला पाहुणचार

७ फेब्रुवारी २०१३. कटकचं बाराबती स्टेडियम. महिला वर्ल्डकप सुरू होता आणि मैदानात होते भारत आणि पाकिस्तान. मॅच होती सातव्या नंबरसाठी, म्हणजे दोन्ही टीम साखळीतच गारद झालेल्या. मिताली राजने नाबाद १०३ धावा काढल्या, भारत सहा विकेटनी जिंकला आणि विषय संपला. आज ही मॅच कुणाला आठवतही नाही.

पण त्या वर्ल्डकपमधली एक गोष्ट आठवायला पाहिजे. पाकिस्तानच्या मुली कटकमध्ये हॉटेलात राहिल्या नव्हत्या. त्यांच्या मुक्कामाची सोय स्टेडियमच्या आवारातच करावी लागली होती. सुरक्षेचं कारण होतंच, पण शहरातली हॉटेलंही त्यांना ठेवून घ्यायला तयार नव्हती. म्हणजे जिथं खेळायचं तिथंच झोपायचं, सकाळी उठून परत तिथंच खेळायचं.

मुळात त्या कटकला जाणारच नव्हत्या. त्यांचे सामने मुंबईत ठरले होते. जानेवारी २०१३ मध्ये नियंत्रण रेषेवर भारतीय जवानांची निर्घृण हत्या झाली, देशभर संताप उसळला. हॉकी इंडिया लीगमधले नऊ पाकिस्तानी खेळाडू परत पाठवले गेले. पाकिस्तानच्या टीमला मुंबईत खेळू देणार नाही, असं शिवसेनेने सांगितलं. मग पाकिस्तानचा अख्खा गटच उचलून कटकला नेला. फायनल मात्र ठरल्याप्रमाणे मुंबईतच झाली, ब्रेबॉर्नवर, १७ फेब्रुवारीला.

आता प्रश्न असा आहे की या सगळ्यात यजमान कोण होतं? ज्याने स्पर्धा भरवली तो? ज्याने पोलीस दिले तो? की ज्याने खोली द्यायला नकार दिला तो?

हा प्रश्न जुना वाटेल, पण नोव्हेंबर २०२५ मध्ये २०३० च्या राष्ट्रकुल स्पर्धा अहमदाबादला मिळाल्या आणि २०३६ चं ऑलिंपिकही भारताला हवं आहे. त्यामुळे तो परत दारात येऊन उभा राहिलाय.

आधी गावातली स्पर्धा बघू

पाहुणचार म्हणजे काय, हे समजून घ्यायला आपल्याला लांब जायची गरज नाही. जालना जिल्ह्यातलं हसनाबाद घ्या. भोकरदन तालुक्यातलं गाव. या पट्ट्यात भोकरदन, जाफराबाद, सिल्लोड, कुठंही जा, कबड्डीचे सामने भरवायची पद्धत साधारण सारखीच. आधी वर्गणी निघते. मग बॅनर छापला जातो. त्यावर पहिलं बक्षीस कुणाकडून, दुसरं कुणाच्या स्मरणार्थ, हे सगळं फोटोंसकट असतं आणि सगळ्यात खाली एक ओळ असते : बाहेरगावच्या संघांची राहण्याची व जेवणाची सोय करण्यात आली आहे.

ती ओळ फार महत्त्वाची. कारण त्या ओळीचा अर्थ गावाला पाठ असतो. जिल्हा परिषदेच्या शाळेच्या खोल्या उघडायच्या, सतरंज्या टाकायच्या, पाण्याचा टँकर सांगायचा. जेवण कधी पंगतीत, तर कधी घराघरांत वाटून. दोन पोरं तुझ्याकडं, दोन माझ्याकडं. भाकरी, येसराची आमटी, ठेचा, वर कांदा. सकाळी ज्या टीमने आपल्या गावाला धूळ चारली, तिचंही दुपारचं ताट चुकत नाही. कुस्त्यांच्या फडाचंही तसंच. लांबून आलेला पैलवान हरला तरी त्याला रिकाम्या हाताने पाठवत नाहीत, निदान वाटखर्ची तरी हातात ठेवतात.

आता गावात भांडणं होत नाहीत असं अजिबात नाही. पंचाच्या एका निर्णयावरून खुर्च्या फेकल्या जातात, हे आपण सगळ्यांनी बघितलंय. पण "त्या गावात साधं पाणी विचारलं नाही" ही बोलणी एकदा पसरली की वर्षानुवर्षं पुसली जात नाहीत. सोयरीक बघायला गेल्यावरसुद्धा कुणीतरी हा विषय काढतोच.

इथं एक गोष्ट लक्षात घ्या. गावच्या स्पर्धेत बोलावणं धाडणारे, जेवू घालणारे आणि नाव खराब झालं तर शरमेने मान खाली घालणारे, हे सगळे एकच लोक असतात.

वर्ल्डकपमध्ये तसं नसतं. तिथं करारावर सही बोर्डाची किंवा संघटनेची. व्हिसा केंद्र सरकारचा. बंदोबस्त राज्याचा. खोली हॉटेलमालकाची. टाळ्या किंवा शिव्या तिकीट काढून आलेल्या माणसाच्या. असे पाच हात लागतात तेव्हा एक पाहुणा जेवतो. यातल्या एकाने जरी हात मागे घेतला तरी उरलेल्या चौघांचं यजमानपद कागदावर राहतं. कटकमध्ये नेमकं हेच झालं. बोर्डाने बोलावलं, सरकारने व्हिसा दिला, पोलीस दिले, पण खोली मिळाली नाही.

पाकिस्तानला टाळ्या पडल्या, त्या भारतातच

सोशल मीडियावर हा विषय निघाला की दोन टोकं दिसतात. एक म्हणतं की आपल्याकडे प्रेक्षक आधीपासून असेच. दुसरं म्हणतं की खेळात राजकारण आणूच नये. दोन्ही गोष्टी रेकॉर्डला धरून नाहीत.

३१ जानेवारी १९९९, चेन्नई. सचिनच्या शतकानंतरही भारत टेस्ट १२ धावांनी हरला. त्याच महिन्यात दिल्लीत फिरोजशहा कोटलाची खेळपट्टी उखडली गेली होती, म्हणजे वातावरण गरमच होतं. तरीही चेपॉकवरचे लोक उठून उभे राहिले आणि पाकिस्तानच्या टीमने टाळ्यांच्या कडकडाटात मैदानाला चक्कर मारली.

२००४ मध्ये भारतीय टीम पाकिस्तानात गेली, पाठोपाठ हजारो भारतीय प्रेक्षक. लाहोरच्या दुकानदारांनी आणि रिक्षावाल्यांनी पैसे घेतले नाहीत, हे तिथून आलेला प्रत्येक जण सांगत होता. पुढच्याच वर्षी मार्च २००५ मध्ये मोहालीच्या टेस्टला पाकिस्तानी प्रेक्षक आले, तेव्हा हॉटेलं कमी पडली आणि चंदिगडच्या कुटुंबांनी आपली घरं उघडून दिली. ज्या पंजाबने फाळणीत सगळ्यात जास्त सोसलं, त्याच पंजाबात हे झालं.

त्याच्याही आधी, १९९६ चा वर्ल्डकप. भारत, पाकिस्तान आणि श्रीलंका मिळून यजमान. ३१ जानेवारीला कोलंबोत मोठा बॉम्बस्फोट झाला आणि ऑस्ट्रेलिया, वेस्ट इंडीज म्हणाले, आम्ही तिकडे येणार नाही. तेव्हा उरलेल्या दोन यजमानांनी काय केलं? एकच टीम केली. अझरुद्दीन कॅप्टन, टीममध्ये सचिनही आणि वासिम अक्रमही. ही टीम १३ फेब्रुवारीला कोलंबोत जाऊन श्रीलंकेशी खेळली, कारण तिसऱ्या यजमानाच्या घरी कुणीतरी जायला हवं होतं. आज हे वाचताना खोटं वाटतं, पण स्कोअरकार्ड काढून बघा.

आणि अगदी अलीकडचं २०२३. पाकिस्तानची टीम सात वर्षांनी भारतात आली, हैदराबादला उतरली. विमानतळावर गर्दी, हॉटेलात शाली घालून स्वागत, ताटात बिर्याणी. १० ऑक्टोबरला त्यांनी श्रीलंकेविरुद्ध ३४५ धावांचा पाठलाग केला, वर्ल्डकपमधला तो विक्रम होता, आणि हैदराबादचं पब्लिक चक्क त्यांच्या बाजूने ओरडत होतं. रावळपिंडीत खेळल्यासारखं वाटलं, असं रिझवान म्हणाला. चारच दिवसांनी अहमदाबाद. टॉसला बाबर बोलायला लागला तेव्हा स्टेडियममधून हुर्यो. रिझवान आऊट होऊन परतताना घोषणा. पाकिस्तानी प्रेक्षकांना व्हिसे मिळालेच नव्हते, त्यामुळे लाखभराच्या स्टेडियममध्ये पाकिस्तानचे समर्थक दिसतच नव्हते. पाकिस्तान बोर्डाने आयसीसीकडे रीतसर तक्रार केली.

देश तोच, स्पर्धा तीच, पाहुणा तोच, फरक चार दिवसांचा. मग 'भारताचा पाहुणचार' म्हणून आपण नक्की कुठला मोजायचा? माझं मत विचाराल तर दोन्ही मोजावे लागतात.

मुंबईचा राग हवेतून आलेला नाही

इथं दुसरी बाजू नीट मांडायला हवी, कारण ती बहुतेक वेळा दोन ओळींत उरकली जाते.

पाकिस्तानला मुंबईत विरोध हा प्रकार १९९१ पासूनचा. त्या वर्षी वानखेडेची खेळपट्टी खणली गेली आणि पाकिस्तानचा दौरा रद्द झाला. तेव्हा ते एका पक्षाचं राजकारण होतं, असं म्हणता येईल. पण २६ नोव्हेंबर २००८ नंतर गोष्ट बदलली. सीएसटीच्या फलाटावर, कामा हॉस्पिटलच्या गल्लीत, ताज आणि ओबेरॉयमध्ये १६६ माणसं मारली गेली. ज्या हॉटेलांत परदेशी टीम उतरतात, तीच हॉटेलं जळताना मुंबईने पाहिली. त्या शहराला 'पाहुणा आला, आरती ओवाळा' असं सांगणं सोपं नाही. एप्रिल २०२५ मध्ये पहलगामला २६ जण मारले गेले, त्यात सहा जण महाराष्ट्रातले. डोंबिवली, पुणे, पनवेल. या घरांना कबड्डीच्या पंगतीचा दाखला देता येत नाही.

त्यामुळे 'आम्ही तुम्हाला बोलावत नाही' असं एखाद्या देशाने सरळ सांगणं यात मला काही गैर वाटत नाही. दार कुणाला उघडायचं हे घरमालक ठरवतो. घोळ होतो तो मधल्या रस्त्यात. स्पर्धा हवी, तिचे पैसे हवेत, मिरवायला यजमानपद हवं, मग पाहुण्यांची यादी आली की त्यातलं एक नाव गिळायचं.

२०२३ च्या वर्ल्डकपच्या वेळापत्रकातच एक अट होती. भारत सेमीफायनलला पोहोचला तर मुंबईत खेळेल, पण समोर पाकिस्तान आला तर मॅच कोलकात्याला. म्हणजे एका शहराला पाहुणा चालणार नाही, हे छापील कागदावर आलं होतं. वेळ आली नाही म्हणून बरं.

डिसेंबर २०२४ मध्ये आयसीसीने यावर तोडगा काढला. २०२७ पर्यंत आयसीसीच्या स्पर्धांमध्ये भारत-पाकिस्तान सामने तिसऱ्याच देशात. म्हणून २०२५ ची चॅम्पियन्स ट्रॉफी पाकिस्तानात असून भारत दुबईत खेळला आणि महिला वर्ल्डकप भारतात असून पाकिस्तान कोलंबोत खेळला. तिथं दोन्ही टीमनी हातही मिळवले नाहीत. २ नोव्हेंबर २०२५ ला नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर हरमनप्रीतच्या टीमने वर्ल्डकप उचलला तो आपण सगळ्यांनी बघितला. पण पाकिस्तान फायनलला पोहोचला असता तर ती फायनल नवी मुंबईत झालीच नसती, कोलंबोला गेली असती.

या तोडग्याला लोक हसतात. मला तो कटकपेक्षा बरा वाटतो. निदान कुणाला स्टेडियमच्या आवारात झोपावं लागत नाही.

मेस्सीच्या अंगावरचा तो काळा झगा

आता जरा कतारकडे बघू, कारण परंपरेचा पाहुणचार जगाला दाखवायचाच म्हणून ज्या देशाने वर्ल्डकप भरवला, तो कतार.

१८ डिसेंबर २०२२. लुसैल स्टेडियम. अर्जेंटिना जिंकली, मेस्सी कप घ्यायला आला आणि कतारच्या अमिरांनी त्याच्या खांद्यावर एक काळा, पातळ, सोनेरी काठाचा झगा चढवला. युरोपात चर्चा सुरू झाली, अरे याने जर्सी झाकली! आपल्याकडे मात्र कुणाला फार समजवावं लागलं नाही. त्या झग्याला म्हणतात बिश्त. मानाच्या माणसाला घालतात. आपल्याकडे कुस्ती मारलेल्या पैलवानाला फेटा बांधतात, त्याचा चुलतभाऊच.

उद्घाटन जिथं झालं ते अल बैत स्टेडियम वाळवंटातल्या तंबूच्या आकाराचं. तंबूचं दार म्हणजे वाटसरूला आसरा. दल्ला नावाच्या किटलीतून वेलदोड्याची कॉफी, कानाशिवायच्या छोट्या कपात, तीही अर्ध्याहून कमी भरलेली. कप संपला की परत ओततात. नको असेल तर कप हलवून दाखवायचा, मगच थांबतात. आपल्याकडे तर कप हलवूनही थांबले नसते. ही कॉफी आणि तिची बैठक, मजलिस, दोन्ही २०१५ पासून युनेस्कोच्या वारसा यादीत आहेत.

पण कतारची खरी परीक्षा कॉफीत नव्हती. कतारचे आणि इस्रायलचे राजनैतिक संबंध नाहीत. फिफाची अट होती की तिकीट घेतलेल्या प्रत्येकाला येऊ द्यायचं. कतारने ती मानली आणि २० नोव्हेंबर २०२२ ला तेल अवीवहून दोहाला थेट विमान उतरलं. पॅलेस्टिनबद्दलची भूमिका कतारने सोडली नाही, मैत्री केली नाही, फक्त महिनाभर दार उघडं ठेवलं.

आणि त्याच कतारमध्ये दुसरं एक दार होतं. ती स्टेडियमं बांधायला भारत, नेपाळ, बांगलादेश, पाकिस्तानातून गेलेले मजूर. वर्षानुवर्षं त्यांना मालकाच्या परवानगीशिवाय नोकरी बदलता येत नव्हती, अनेकांना देशही सोडता येत नव्हता. टीकेनंतर कायदे बदलले, २०२१ पासून महिना १,००० रियाल किमान वेतन लागू झालं. कॉफी ओतणारे, गाद्या घालणारे, बाहेर रस्ता दाखवणारे बहुतेक हेच परदेशी मजूर होते. कतारच्या साधारण तीस लाख लोकसंख्येत खुद्द कतारी फार थोडे, दहातला एकच. म्हणजे पाहुणचाराचं नाव कतारचं आणि राबणारे हात आपल्याकडचे. पाहुण्याला तंबू आणि कामगाराला लेबर कॅम्प. कौतुक करताना हे दोन्ही एका फोटोत ठेवायला लागतं.

मग भारतापुढचा प्रश्न काय?

नियम आपल्याला माहीत नाहीत असं नाही. एकदा चटका बसलेला आहे.

फेब्रुवारी २०१९ मध्ये दिल्लीत नेमबाजीचा वर्ल्डकप होता. १४ तारखेला पुलवामा झालं. त्यानंतर पाकिस्तानच्या नेमबाजांना व्हिसे मिळाले नाहीत. देशातल्या भावना बघता ते समजण्यासारखं होतं. पण आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीने भावना बघितल्या नाहीत. पाकिस्तानी नेमबाज ज्या प्रकारात खेळणार होते, त्या प्रकाराचा ऑलिंपिक कोटा काढून घेतला आणि भविष्यातल्या स्पर्धांबद्दल भारताशी सगळी बोलणी थांबवली. सरकारने लेखी हमी दिली तेव्हा, जूनमध्ये, बंदी उठली. त्याच्या आदल्याच वर्षी दिल्लीतल्या महिला बॉक्सिंग स्पर्धेला कोसोव्होच्या बॉक्सरला व्हिसा मिळाला नव्हता. तिचा तर पुलवामाशीही संबंध नव्हता, फक्त भारत कोसोव्होला देश मानत नाही एवढंच.

इंडोनेशियाचं बघा. इस्रायलच्या टीमवरून वाद झाला आणि मार्च २०२३ मध्ये २० वर्षांखालील फुटबॉल वर्ल्डकप त्यांच्या हातून गेला, अर्जेंटिनाला मिळाला. ऑक्टोबर २०२५ मध्ये जकार्तातल्या जिम्नॅस्टिक्स स्पर्धेला इस्रायली खेळाडूंना व्हिसा नाकारला, तर ऑलिंपिक समितीने यजमानपदाची बोलणीच बंद केली. २०३६ च्या ऑलिंपिकसाठी ज्यांची नावं चर्चेत होती त्यात इंडोनेशिया होता, कतार आहे आणि भारतही.

ऑगस्ट २०२५ मध्ये आपल्या क्रीडा मंत्रालयाने धोरण जाहीर केलं. पाकिस्तानशी दोघांतल्या मालिका बंद. अनेक देशांच्या स्पर्धा मात्र खेळायच्या, आणि अशी स्पर्धा भारतात असेल तर पाकिस्तानलाही येऊ द्यायचं. कागदावर हे स्वच्छ आहे. पण त्याच वर्षी राजगीरचा हॉकी आशिया कप आणि तमिळनाडूतला ज्युनियर हॉकी वर्ल्डकप, दोन्हीकडे पाकिस्तान स्वतःच आला नाही. त्यामुळे धोरणाची खरी कसोटी लागलीच नाही.

ती लागेल २०३० मध्ये. पाकिस्तान राष्ट्रकुलाचा सदस्य आहे. राष्ट्रकुल स्पर्धेत कुस्ती कोलंबोला आणि भालाफेक दुबईला, असा तोडगा चालत नाही. सगळे एकाच क्रीडाग्रामात राहतात, एकाच मेसमध्ये जेवतात, एकाच मैदानातून संचलन करतात.

यातलं संचलन आपण आधी एकदा केलेलं आहे. ३ ऑक्टोबर २०१०, दिल्ली, जवाहरलाल नेहरू स्टेडियम. २६/११ ला दोन वर्षंही झाली नव्हती. कसाब तेव्हा मुंबईच्या तुरुंगात होता, त्याला फाशीची शिक्षा सुनावली गेली होती. पाकिस्तानचं पथक मैदानात आलं आणि स्टेडियममधून जोरदार टाळ्या पडल्या. आठवड्याभराने हॉकीत भारताने त्यांना ७-४ असं धुतलं, तेव्हाही टाळ्या पडल्या, त्या अर्थातच आपल्यासाठी.

२०३० ला स्टेडियम अहमदाबादमध्ये असेल. व्हिसाची हमी सरकार देईल, पोलीस राज्य देईल, खोल्या क्रीडाग्रामात असतील, म्हणजे हॉटेलवाल्यांचा प्रश्न मिटला. पाचातला उरलेला एक हात तिकीट काढून येणाऱ्याचा आहे. तिकिटं अजून विक्रीला आलेली नाहीत.